राणीच्या भिंतीवरचा बक्षीराम

पहिला दिवस : साउथ केन्सिंग्टन

साउथ केन्सिंग्टन स्टेशनातून वर आलं की लागणाऱ्या रस्त्याचं नावच एक्झिबिशन रोड, प्रदर्शनाचा रस्ता. संग्रहालयांसमोर शाळेच्या मुलांच्या रांगा लागलेल्या होत्या. मी त्या ओलांडून आधी इम्पीरियल कॉलेजच्या आवारात गेलो. तिथे क्वीन्स टॉवर नावाचा उंच मनोरा एकटाच उभा आहे. तो ज्या इम्पीरियल इन्स्टिट्यूटचा भाग होता ती इमारत पाडली गेली, मनोरा तेवढा उरला. मला मात्र त्या इमारतीच्याही आधी इथे काय होतं, त्यात रस होता.

१८८६ साली याच परिसरात वसाहतींचं आणि हिंदुस्थानचं मोठं प्रदर्शन भरलं होतं. पन्नास लाखांहून जास्त माणसं ते बघून गेली. शिंद्यांच्या ग्वाल्हेरहून आलेलं कोरीव दगडी प्रवेशद्वार तिथे उभारलं होतं. आत एक 'हिंदी राजवाडा' आणि त्याच्या चौकात काम करणारे जिवंत कारागीर. कोणी गालिचा विणतोय, कोणी चाकावर मडकं घडवतोय. लंडनची माणसं भोवती कोंडाळं करून बघायची. यंत्रांच्या धुराला कंटाळलेल्या त्या शहराला हे दृश्य फार भावलं: पिढ्यान्‌पिढ्या बापाकडून मुलाकडे आलेली कला, साधी, समाधानी पूर्वेकडची माणसं.

प्रत्यक्षात ते ३४ कारागीर आग्र्याच्या मध्यवर्ती तुरुंगातले कैदी होते. त्यांना तुरुंगातच हे काम शिकवलं होतं आणि तुरुंगाचे अधीक्षक जॉन टायलर त्यांना घेऊन लंडनला आले होते. म्हणजे सरकारनं आधी माणूस कोठडीत घातला, तिथे त्याच्या हातात चाक किंवा माग दिला आणि मग जहाजात बसवून लंडनकरांसमोर 'अस्सल पौर्वात्य कारागीर' म्हणून मांडला. त्यातला बक्षीराम नावाचा कुंभार १०२ वर्षांचा आहे, असं प्रेक्षकांना सांगितलं जात होतं.

हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा बक्षीरामचं नाव मनात रुतून बसलं. राणी व्हिक्टोरियानं यातल्या काही जणांची चित्रं काढून घेतली आणि ती अजून आइल ऑफ वाइट बेटावरच्या तिच्या घरात लावलेली आहेत, हे कळलं तेव्हाच हा प्रवास ठरला. भाची ब्रायटनला एका रुग्णालयात परिचारिका आहे. तिला फोन केला तर म्हणाली, "मामा, आधी माझ्याकडे या. आपण दोघं जाऊ."

दुपारी व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात टिपूचा वाघ पाहिला. गोऱ्या माणसाच्या नरड्याला भिडलेला लाकडी वाघ, पोटात वाद्याचा भाता, बाजूला फिरवायची मूठ. १७९९ मध्ये श्रीरंगपट्टण पडल्यावर तो लुटीत हाती लागला आणि लंडनच्या लेडनहॉल स्ट्रीटवर ईस्ट इंडिया कंपनीच्या मुख्यालयात लोकांसाठी मांडला गेला. येणारा-जाणारा मूठ फिरवायचा आणि वाघाचं गुरगुरणं, माणसाचं विव्हळणं ऐकायचा. टिपू किती क्रूर होता याचा पुरावा म्हणून तो वाघ दाखवत. त्या युद्धात श्रीरंगपट्टणची जी लूट झाली, तिचा पुरावा म्हणूनही तोच वाघ दाखवता येतो, हे बघणाऱ्यांच्या मनात फारसं आलं नसावं.

याच संग्रहालयातली वाघनखं २०२४ च्या जुलैत साताऱ्याला आली. त्यांच्यासोबतच्या पेटीवर ती साताऱ्याचा रेसिडेंट असताना ग्रँट डफला मिळाल्याचं लिहिलं आहे. ती महाराजांचीच का, हे सिद्ध करता येत नाही, असं संग्रहालय स्वतः सांगतं. साताऱ्यात लोक ती बघताना हात जोडत होते, हे मी पाहिलं आहे. इथे अशा वस्तू काचेत असतात आणि लोक खाली लावलेली पाटी वाचून पुढे जातात.

दुसरा दिवस : ब्रायटन

व्हिक्टोरिया स्टेशनवरून तासाभरात ब्रायटन. भाची स्टेशनवर घ्यायला आली होती. रात्रपाळी करून आलेली, डोळे लाल, पण हट्टानं आली. समुद्राकडे उतरत गेलो आणि वळणावर एकदम ते घुमट दिसले. कांद्याच्या आकाराचे घुमट, मिनार, दगडी जाळ्या. इंग्लंडच्या राखाडी आभाळाखाली हे काय उगवलं, असं क्षणभर वाटलंच.

रॉयल पॅव्हिलियन. पुढे चौथा जॉर्ज झालेल्या राजपुत्रासाठी जॉन नॅशनं १८१५ ते १८२२ या काळात याला आजचं रूप दिलं. बाहेरून हिंदुस्थान, आतून चीन. राजपुत्रानं यातला एकही देश पाहिला नव्हता. हिंदी वास्तूंचे आकार इंग्लंडला माहीत झाले ते मुख्यतः डॅनियल काका-पुतण्यांच्या छापील चित्रांतून. त्याच डॅनियलनी वेरूळची लेणीही छापली, आणि ती काढली होती पुण्याच्या पेशवे दरबारात राहिलेल्या जेम्स वेल्सच्या रेखाटनांवरून. सवाई माधवराव आणि नाना फडणवीसांची जी चित्रं आपल्या डोळ्यांसमोर असतात, ती काढणारा हाच वेल्स. म्हणजे ब्रायटनच्या घुमटांपासून पुण्यापर्यंत एक धागा जातो, आणि तो चित्रांमधूनच जातो.

आत जेवणघराच्या छतावरून प्रचंड झुंबर लोंबतं, त्याच्यावर पंजांत साखळी धरलेला रुपेरी ड्रॅगन. संगीत दालनात भिंतभर लाल-सोनेरी चिनी देखावे. सुंदर आहे, खोटं कशाला बोलू. पण या सगळ्यात एकही चिनी किंवा हिंदी माणूस खरा नाही. आहे ती पूर्वेची कल्पना, जी कधी तक्रार करत नाही आणि कधी उलट बोलत नाही.

खरा हिंदी माणूस मात्र तेव्हा ब्रायटनमध्येच होता. १७५९ मध्ये पाटण्याला जन्मलेला शेख दीन महंमद. कंपनीच्या सैन्याबरोबर फिरला, आयर्लंडला आला, १७९४ मध्ये त्यानं इंग्रजीत स्वतःचं प्रवासवर्णन छापलं. इंग्रजीत पुस्तक लिहिणारा तो पहिला हिंदी माणूस. १८१० मध्ये लंडनला हिंदी जेवणाची खानावळ काढली, ती दोन वर्षांत बुडाली. मग ब्रायटनला येऊन त्यानं वाफेची न्हाणीघरं काढली आणि मालिशीचा धंदा असा जमवला की चौथा जॉर्ज आणि चौथा विल्यम हे दोन राजे त्याच्याकडून अंग रगडून घेऊ लागले. आपल्या चंपीवरून आलेला शाम्पू हा शब्द इंग्लंडमध्ये रुळला तो मुख्यतः या धंद्यातून. भाचीनं मला सेंट निकोलस चर्चच्या आवारात नेलं, तिथे त्याचं थडगं आहे. हिरवळीत वाकलेले जुने दगड, त्यांत हा एक. १८५१ मध्ये तो वारला.

त्या पहिल्या काळात असा एखादा माणूस इंग्लंडमध्ये दुकान मांडू शकला, आयरिश बाईशी लग्न करू शकला, राजाच्या पाठीला हात लावू शकला. त्याच गावात शंभर वर्षांनी काय झालं ते दुसऱ्या दिवशी बघायचं होतं.

तिसरा दिवस : एल्म ग्रोव्ह आणि छत्री

१९१४ च्या डिसेंबरात पॅव्हिलियनच्या त्याच दालनांत खाटा लागल्या. पहिल्या महायुद्धात फ्रान्स आणि बेल्जियमच्या खंदकांतून जखमी हिंदी शिपाई येऊ लागले होते. आज तिथे या रुग्णालयाची वेगळी खोली आहे, आदल्या दिवशी घाईत पाहिलेली ती आज सकाळी पुन्हा जाऊन नीट पाहिली.

व्यवस्था थक्क करणारी होती. वेगवेगळ्या धर्मांसाठी आणि जातींसाठी मिळून नऊ स्वयंपाकघरं. हिंदूंचे आणि मुसलमानांचे पाण्याचे नळ वेगळे. बकरे कापण्याच्या जागा वेगळ्या. पाट्या उर्दू, हिंदी, गुरुमुखीत. बादशहानं आपला राजवाडा जखमी शिपायांसाठी मोकळा केला, असा समज पसरू दिला गेला. खरं म्हणजे व्हिक्टोरियानं तो राजवाडा १८५० मध्येच गावाला विकला होता. पॅव्हिलियनची छायाचित्रं आणि माहिती असलेली पुस्तिका इंग्रजी, उर्दू, गुरुमुखीत छापून शिपायांना वाटली, म्हणजे ती गावोगाव घरी पोचेल.

आणि याच बागेभोवती कुंपण उभारलं होतं. शिपायांना एकट्यानं गावात हिंडायला मनाई. बाहेर जायचं तर पहाऱ्यात, ठरलेल्या वेळी. १९१५ मध्ये हिंदी जखमींच्या खाटांजवळ इंग्रज परिचारिका नकोत, असा निर्णय झाला. भीती एकच होती: गोऱ्या बाईनं काळ्या माणसाची जखम बांधली तर तो माणूस परत गावी जाऊन साहेबाकडे वर मान करून बघेल.

भाची काचेतलं एका वॉर्डाचं चित्र बघत होती. झुंबरांखाली खाटांची रांग, खाटांवर पांढरे साफे. ती म्हणाली, "काल रात्री मी एका आजोबांचं ड्रेसिंग केलं. नव्वदीचे. माझा हात धरून झोपले." एवढंच बोलली आणि बराच वेळ गप्प राहिली.

शिपायांची पत्रं वाचणारी सेन्सॉरची कचेरी होती. आपले लोक मरताहेत हे घरी कळवायचं तर सरळ लिहिता येत नसे. म्हणून ते लिहीत: काळी मिरी संपत आली, आता तांबडी मिरची वापरताहेत. काळी मिरी म्हणजे आपण, तांबडी मिरची म्हणजे गोरे. कुठे लाहोर, कुठे गढवाल, आणि एवढ्या सैन्यानं हा एकच स्वयंपाकघरातला शब्द शोधला. सेन्सॉरनं तोही ओळखला.

१९१५ च्या ऑगस्टमध्ये पाचव्या जॉर्जनं या हिरवळीवर जमादार मीर दस्तला व्हिक्टोरिया क्रॉस दिला. बेल्जियममधल्या ईप्रच्या लढाईत विषारी वायूत स्वतः होरपळलेला असताना त्यानं अधिकाऱ्यांना उचलून आणलं होतं. बादशहानं काही हवंय का विचारलं, तेव्हा त्यानं स्वतःसाठी काही मागितलं नाही. एकदा जखमी झालेल्याला पुन्हा आघाडीवर पाठवू नये, एवढं मागितलं. छायाचित्रं निघाली, ती सगळीकडे छापून आली. पाठवणं काही थांबलं नाही.

दुपारी बसनं एल्म ग्रोव्हची चढण चढून जुन्या वर्कहाउसच्या, म्हणजे गरिबांना काम देऊन ठेवायच्या आश्रयगृहाच्या इमारतीपाशी उतरलो. लांबलचक, करड्या रंगाची, कडक चेहऱ्याची इमारत. युद्धात हिचं किचनर हिंदी रुग्णालय केलं होतं. पॅव्हिलियनपेक्षा इथला पहारा कडक. भिंतीवर काटेरी तार, फाटकावर लष्करी पोलीस. या नियमाचा जाच नुसता शिपायांना नव्हता, रुग्णालयात नोकरीला आलेल्या हिंदी डॉक्टर-कारकुनांनाही होता. सरकारनं नेमलेला शिकलेला माणूस, आणि त्याला संध्याकाळी समुद्रावर जाता येत नाही.

त्यांत एक गोडबोले नावाचे सब-असिस्टंट सर्जन होते. १९१५ मध्ये त्यांनी रुग्णालयाचे प्रमुख कर्नल ब्रूस सीटन यांच्यावर गोळी झाडण्याचा प्रयत्न केला. कारण विचारलं तेव्हा त्यांनी या कोंडून ठेवण्याकडेच बोट दाखवलं. सात वर्षांची सक्तमजुरी झाली. गोडबोले हे नाव मराठी माणसाला परकं वाटणार नाही. मी फाटकापाशी उभा राहून हे भाचीला सांगत होतो तेव्हा आवाज आपोआप खाली आला. गोळी झाडण्याचं समर्थन मी करत नाही. पण बरे करायला बोलावलेल्या माणसाला कैद्यासारखं ठेवलं तर त्याच्या मनात काय होत असेल, हे त्या भिंतीखाली उभं राहिल्यावर समजतं.

आणि सीटन? हिंदी शिपाई लढाई टाळायला स्वतःलाच गोळ्या मारून घेतात, असा संशय तेव्हा सरकारात पसरला होता. याच सीटननं एक हजार जखमा तपासून तो संशय निराधार असल्याचं अहवालात लिहिलं. शिपायाच्या शौर्यावर ज्याचा विश्वास होता, त्यानंच त्याला तारेमागे ठेवलं. याला दुष्टपणा म्हणून मोकळं होता येत नाही. माणूस प्रामाणिक, कामाला चोख, आणि तरीही समोरच्या हिंदी डॉक्टरला मोठ्या माणसाचे हक्क द्यायला तयार नाही. साम्राज्य चाललं ते मुख्यतः अशाच माणसांच्या जिवावर, असं मला वाटतं.

तिथून पॅचम गावात गेलो. तिथल्या स्मारक-छत्रीकडे गाडीरस्ता जात नाही. मोठ्या हमरस्त्यावरचा पूल ओलांडून पायवाटेनं चढायचं. दोन्हीकडे मेंढ्या, गवत, वारा इतका की बोलणं ऐकू येईना. मग टेकडीच्या उतारावर पांढरी संगमरवरी छत्री, आठ खांबांवर घुमट. ब्रायटनच्या रुग्णालयांत वारलेल्या हिंदू आणि शीख शिपायांना इथे आणून अग्नी दिला. ५३ जण. राख समुद्रात सोडली. मुसलमान शिपायांना वोकिंगला पुरलं. सरण रचायच्या काँक्रीटच्या चौथऱ्यांवर आता ग्रॅनाइटच्या तीन शिळा आहेत. छत्रीचा आराखडा हेन्रिक्स नावाच्या तरुण हिंदी विद्यार्थ्यानं केला आणि १ फेब्रुवारी १९२१ ला राजपुत्र एडवर्डनं तिचं अनावरण केलं. छत्रीवर कोरलेल्या लेखात म्हटलं आहे की हे स्मारक कृतज्ञ कौतुकानं आणि बंधुप्रेमानं अर्पण केलं आहे.

मला इथे कोल्हापूरचे दुसरे राजाराम महाराज आठवले. १८७० मध्ये युरोपच्या प्रवासात, विशीतच, फ्लॉरेन्सला वारले. आर्नो नदीच्या काठी त्यांचं दहन झालं आणि तिथेही पुढे छत्री बांधली. परक्या मातीत आपलं सरण पेटवायला जागा मिळणं ही तेव्हा लहान गोष्ट नव्हती. ब्रायटननं ती दिली, हे विसरू नये.

पण 'बंधू' कोणाला म्हणायचं हेही साहेबच ठरवत होता. लढाऊ जाती कोणत्या, याची यादीच केली होती. १८९० च्या दशकात महारांची भरती बंद झाली. १८१८ च्या कोरेगावच्या लढाईत ज्यांची नावं साहेबानं स्वतः स्तंभावर कोरली, ते अचानक लढाऊ राहिले नाहीत. लष्करातून निवृत्त झालेल्या गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ मध्ये याविरुद्ध अर्ज लिहिला. आंबेडकरांचे वडील सुभेदार रामजी त्याच लष्करातले. १९१७ मध्ये माणसं कमी पडली तेव्हा १११ वी महार पलटण उभी केली, आणि युद्ध संपल्यावर मोडून टाकली.

उतरताना भाची पुढे, मी मागे. कोणी काही बोललं नाही.

चौथा दिवस : ऑस्बर्न

पोर्ट्समथपर्यंत रेल्वे, तिथून बोटीनं राइड, मग बसनं ईस्ट काउज. ऑस्बर्न हे व्हिक्टोरियाचं आवडतं घर, इथेच २२ जानेवारी १९०१ ला ती वारली. हिंदुस्थानची सम्राज्ञी ही पदवी तिनं घेतली, पण हिंदुस्थानात एकदाही पाऊल ठेवलं नाही. तिनं हिंदुस्थान घरी बांधून घेतला.

दरबार दालनात शिरल्यावर डोळे दिपतात. भिंती आणि छत पांढऱ्या नक्षीनं मढवलेले, चुलाण्यावर पिसारा फुलवलेला मोर. आणि दारावर गणपती! भाचीनं हात जोडले तशी शेजारची बाई आमच्याकडे बघून हसली. हे काम लाहोरच्या भाई राम सिंगांचं, १८९०-९१ च्या सुमाराचं. त्यांचे गुरू लॉकवुड किपलिंग, आधी मुंबईच्या जे. जे. स्कूलमध्ये शिकवणारे. क्रॉफर्ड मार्केटवरची शिल्पं आपण येता-जाता बघतो ती त्यांचीच. त्यांचा मुंबईत जन्मलेला मुलगा रुडयार्ड १८९९ मध्ये 'गोऱ्या माणसाचं ओझं' हा शब्द जगाला देणार होता. बाप हिंदी कारागिराच्या हाताचं कौतुक करत आयुष्यभर राबला. मुलाला त्याच देशातला माणूस पाठीवरचं ओझं वाटला.

इथेच अब्दुल करीम राहायचा. आग्र्याच्या त्याच तुरुंगातला कारकून. त्याच टायलरनं निवडून १८८७ मध्ये राणीच्या सुवर्णमहोत्सवासाठी त्याला पाठवलं. राणीच्या जेवणाशी उभा राहणारा नोकर तिचा मुन्शी झाला, तिला हिंदुस्थानी शिकवू लागला. राणीनं त्याला घरं दिली, चित्रं काढून घेतली. दरबारातल्या लोकांना हे सहन होईना. त्याचा बाप खरोखर मोठा डॉक्टर आहे की तुरुंगातला साधा औषधवाला, याची आग्र्यात चौकशी करवली. १८९७ मध्ये फ्रान्सच्या सहलीला मुन्शी आला तर आम्ही सगळे राजीनामे देऊ, असं राणीला कळवलं गेलं. भिंतीवर टांगलेला हिंदी माणूस चालत होता. जेवणाच्या टेबलाशी बरोबरीनं बसलेला चालत नव्हता. राणी गेली, आणि नव्या राजाच्या हुकमानं करीमची पत्रं जाळली गेली, त्याला आग्र्याला परत पाठवलं. तिथेच तो १९०९ मध्ये वारला. राणीला यात थोडं वेगळं मानावं लागतं. तिनं त्याला माणूस म्हणून जवळ केलं. पण त्याचा देश कसा आहे हे तिला शेवटपर्यंत चित्रांतूनच कळलं.

ती चित्रं दालनाबाहेरच्या मार्गिकेत आहेत. रुडॉल्फ स्वोबोडा या ऑस्ट्रियन चित्रकाराची. आधी लंडनच्या प्रदर्शनातल्या कारागिरांची, मग राणीनं त्याला हिंदुस्थानात पाठवून काढून घेतलेली. शेतकरी, शिपाई, विणकर, बायका, मुलं. छोटीछोटी चित्रं, हातात मावतील एवढी. प्रत्येक चेहरा जिवंत. चित्रकाराला माणसं दिसली होती यात शंका नाही.

आणि तिथे बक्षीराम होता. सुरकुतलेला चेहरा, पांढरी दाढी. नजर आपल्याकडे नाही.

मी तुरुंगाची गोष्ट भाचीला पुन्हा सांगितली, १०२ वर्षांचीही. ती चित्राच्या अगदी जवळ गेली. रोज नव्वदीतल्या माणसांना उठवणं-बसवणं, पुसणं, भरवणं हे तिचं काम. तिनं त्याचं कपाळ बघितलं, डोळ्यांखालची कातडी बघितली, मान बघितली, रुग्णाला तपासावं तशी.

"एकशे दोन नाही मामा," ती म्हणाली. "सत्तर. फार तर पंच्याहत्तर. यांना कोणी विचारलंच नाही."